घशापासून हृदयापर्यंत : ऱ्हुमॅटिक तापाच्या निदानाची कहाणी

शिक्षकांच्या एका बैठकीसाठी आम्ही सीताबर्डीच्या एका शाळेत गेलो होतो. विषय शालेय आरोग्याचा होता. बैठक संपल्यावर एक बाई मागे थांबल्या. त्यांनी पिशवीतून दोन वह्या काढून आमच्यासमोर ठेवल्या. दोन्ही वह्या पाचवीतल्या एकाच मुलीच्या होत्या. जुलैतल्या शुद्धलेखनाच्या वहीत अक्षर मोत्यासारखे होते. डिसेंबरातल्या वहीत ओळी वरखाली गेलेल्या, काना एकीकडे आणि मात्रा दुसरीकडे, मधेच पेनाचा फराटा.

"मी तिला फार बोलले हो," बाई म्हणाल्या. "सारखी चुळबूळ करायची, पट्टी पाडायची. तोंड वेडावते आहे असे वाटून मी तिला दोनदा वर्गाबाहेर उभे केले."

पुढे घरी मुलीच्या हातून भरलेला पेला निसटू लागला, तेव्हा आई तिला डॉक्टरांकडे घेऊन गेली. डॉक्टरांनी हात पाहिले, जीभ बाहेर काढायला सांगितली, मग बराच वेळ छातीवर स्टेथोस्कोप ठेवून ऐकले आणि विचारले, "पावसाळ्यात हिचा घसा दुखला होता का? कधी गुडघे, घोटे सुजले होते का?" दोन्ही प्रश्नांची उत्तरे होकारार्थी होती. मुलीला ऱ्हुमॅटिक ताप होऊन गेला होता, आणि त्याने तिच्या हृदयाच्या झडपेलाही धक्का लावला होता.

बाईंनी आम्हाला विचारले, "घसा, गुडघे, हृदय आणि अक्षर, यांचा एकमेकांशी संबंध तरी काय?"

या प्रश्नाचे उत्तर शोधायला वैद्यकशास्त्राला सुमारे अडीचशे वर्षे लागली. ते कसे सापडले आणि आपल्या देशात ते पटायला आणखी वेळ का लागला, हे आपण या लेखात पाहू.

सुटे सुटे तुकडे

ऱ्हुमॅटिक ताप साधारणपणे ५ ते १५ वर्षांच्या मुलांना होतो. मराठीत त्याला संधिज्वर म्हणता येईल. पण त्या नावाने सारे लक्ष सांध्यांकडे जाते, आणि खरा धोका तर हृदयाला असतो. म्हणून आम्ही येथे ऱ्हुमॅटिक ताप हेच नाव वापरणार आहोत.

सांधे सुजतात, ठणकतात आणि दुखणे एका सांध्यातून दुसऱ्यात फिरते, ही गोष्ट आपल्याकडे जुनीच माहीत होती. माधवनिदान या प्राचीन ग्रंथात आमवाताचे वर्णन आहे. त्यात सांध्यांच्या तीव्र वेदनेबरोबर हृदय आवळल्यासारखे होणे हेही लक्षण दिले आहे. अर्थात आमवात म्हणजेच ऱ्हुमॅटिक ताप असे म्हणता येणार नाही. आज आपण वेगवेगळे मानतो असे अनेक सांध्यांचे आजार त्या एका नावात सामावलेले आहेत. प्राचीन वैद्यांनी लक्षणे बारकाईने टिपली होती, एवढे मात्र निश्चित.

युरोपात सतराव्या शतकात थॉमस सिडनहॅम या इंग्रज डॉक्टरांनी दोन स्वतंत्र वर्णने लिहिली. पहिले होते तरुणांना होणाऱ्या, एका सांध्यातून दुसऱ्यात सरकणाऱ्या तापाचे. दुसरे, १६८६ साली लिहिलेले, मुलांमधील एका विचित्र हालचालींचे. हातपाय आपोआप हलतात, चेहरा वेडावाकडा होतो, आणि पाण्याचा पेला तोंडापर्यंत नेताना मुलाला सतरा हेलकावे घ्यावे लागतात. या विकाराला आज सिडनहॅमचा कोरिया म्हणतात. या दोन आजारांचे मूळ एकच आहे हे मात्र सिडनहॅमना कळले नाही. त्यांना दोष देता येणार नाही, कारण सांधेदुखी आणि कोरिया यांच्यामध्ये कित्येक महिने जाऊ शकतात.

हृदयाचा धागा अठराव्या शतकाच्या अखेरीस हाती लागला. लंडनचे डेव्हिड पिटकेर्न यांच्या १७८८च्या सुमारास ध्यानात आले की सांधेदुखीचा ताप होऊन गेलेल्यांना पुढे हृदयविकार होतो. देवीच्या लशीमुळे आपल्याला माहीत असलेल्या एडवर्ड जेन्नर यांनीही १७८९ साली एका स्थानिक वैद्यक मंडळापुढे याच विषयावर निबंध वाचला होता. पण तो निबंध पुढे हरवला. विल्यम चार्ल्स वेल्स यांनी १८१२ साली अशा रुग्णांची माहिती प्रसिद्ध केली.

तरीही हृदय बिघडले आहे हे रुग्ण जिवंत असताना ओळखायचे कसे? १८१६ साली पॅरिसमध्ये रेने लेनेक यांनी कागदाची गुंडाळी करून छातीला लावली आणि त्यातून स्टेथोस्कोपचा जन्म झाला. हे साधन हाती आल्यावर त्यांच्याच देशाच्या बुइयो यांनी सांधेदुखीच्या तापाने आजारी असलेल्यांचे हृदय नेमाने ऐकायला सुरुवात केली. सांध्यांचा आजार तीव्र असेल तर हृदयही बहुधा आजारी असते, असे त्यांनी १८३६च्या सुमारास ठामपणे मांडले. सांधे काही आठवड्यांत पूर्ववत होतात, मागे खूण राहत नाही. हृदयाच्या झडपांवरचा व्रण मात्र राहतो. हा रोग सांधे नुसते चाटतो पण हृदयाला चावतो, असे डॉक्टर मंडळी म्हणू लागली ती यामुळेच.

१८८९ साली लंडनचे वॉल्टर चीडल यांनी या तुकड्यांची मांडणी केली. लहान मुलांत सांधेदुखी अगदी किरकोळ असू शकते, हे त्यांनी दाखवले. एका मुलात आधी कोरिया, वर्षाने त्वचेखाली गाठी, मग हृदयविकार. दुसऱ्यात नुसताच हृदयविकार. लक्षणे एकत्र येतच नाहीत. ती वर्षानुवर्षे विखुरलेली असतात, आणि प्रत्येक वेळी मूल कदाचित वेगळ्या डॉक्टरसमोर असते.

गुन्हेगार आधीच निघून गेलेला

कारण काय असावे? जंतुशास्त्राच्या भरभराटीच्या काळात अनेकांनी रुग्णांचे रक्त आणि सांध्यांतील पाणी तपासले. कुणाला एक जंतू सापडला, कुणाला दुसरा, बहुतेकांना काहीच नाही. अडचण अशी होती की सगळे चुकीच्या वेळी आणि चुकीच्या जागी शोधत होते.

१९३१ साली न्यूयॉर्कचे अल्विन कोबर्न आणि लंडनचे कॉलिस यांनी स्वतंत्रपणे वेगळा मार्ग धरला. त्यांनी रुग्णांच्या घशावर लक्ष ठेवले. घशात स्ट्रेप्टोकॉकस नावाचे, माळेसारखे चिकटून राहणारे गोल जिवाणू येतात. घसा दुखतो, काही दिवसांत बरा होतो. मग दोन-तीन आठवडे सारे शांत असते, आणि त्यानंतर सांधे सुजतात. ताप येतो तेव्हा गुन्हेगार जागेवरून निघून गेलेला असतो.

मग पुरावा कुठून आणायचा? १९३२ साली एडगर टॉड यांनी दाखवले की स्ट्रेप्टोकॉकसच्या एका विषाविरुद्ध शरीराने तयार केलेली प्रतिपिंडे रक्तात मोजता येतात. हीच आज प्रयोगशाळेच्या कागदावर ए.एस.ओ. या नावाने दिसणारी तपासणी. जंतू गेला तरी त्याच्याशी झालेल्या लढाईच्या खुणा रक्तात राहतात. दुसरीकडे न्यूयॉर्कच्याच रेबेका लान्सफील्ड यांनी स्ट्रेप्टोकॉकसचे गट पाडले. घशाचा हा आजार देणारा गट त्यांच्या यादीत 'ए' ठरला.

घशातल्या जंतूमुळे हृदय का बिघडावे, हा प्रश्न उरतोच. जंतू हृदयात जात नाहीत. जंतूच्या काही प्रथिनांची ठेवण आपल्या हृदयाच्या, सांध्यांच्या आणि मेंदूच्या ऊतींमधील प्रथिनांशी मिळतीजुळती असते. १९६०च्या दशकात मेल्विन कॅप्लान यांनी केलेल्या प्रयोगांतून या साम्याचे भक्कम पुरावे मिळाले. चोराच्या वर्णनावरून शिपाई निघावेत आणि तसाच सदरा घातलेल्या घरच्याच माणसाला त्यांनी धरावे, तसे हे घडते. ज्यांच्या शरीरात ही गफलत होते अशी मुले थोडी असतात. साथीच्या काळात, उपचार न केलेल्या स्ट्रेप्टोकॉकसच्या घसादुखीनंतर शंभरात सुमारे तिघांना हा ताप येतो. इतर वेळी हे प्रमाण बरेच कमी असते.

उन्हाच्या देशातला गैरसमज

आता आपल्याकडे वळू. विसाव्या शतकाच्या पहिल्या तीन-चार दशकांत इंग्रजी वैद्यकग्रंथांत ऱ्हुमॅटिक ताप हा थंड, दमट हवेचा रोग मानला जाई. कलकत्त्याला काम करणाऱ्या लेनर्ड रॉजर्स यांच्यासारख्या नामांकित संशोधकांनी शवविच्छेदनाच्या नोंदींवरून हा रोग तिथे दुर्मीळ असल्याचे म्हटले. १९३० साली क्लार्क या इंग्रज डॉक्टरांनी तर उष्ण कटिबंधात हा रोग नसतोच असा निष्कर्ष मांडला. कोबर्न यांनीही न्यूयॉर्कचे काही रुग्ण पोर्टो रिकोच्या उबदार हवेत नेले होते. तिथे त्यांना आराम पडला, आणि परत आल्यावर आजार उलटला. या अनुभवाने तो समज पक्का होण्यासारखाच होता. पण कोबर्न यांचे लक्ष हवेवर थांबले नाही. तिकडे असताना रुग्णांच्या घशातून ते जिवाणू नाहीसे झाले होते आणि परतल्यावर पुन्हा आले होते, हे त्यांनी पाहिले.

मे महिन्यात ज्या नागपुरात पारा ४५ अंशांच्या पुढे जातो, तिथे थंडीचा रोग कोण शोधणार? आणि जे शोधायचे नाही असे ठरले, ते सहसा दिसत नाही. आपल्या मुलांची सांधेदुखी अनेकदा सौम्य असते. 'वाढीच्या वयातले दुखणे' किंवा 'खेळताना लचकले' म्हणून ते सोडून दिले जाई. मूल रुग्णालयात यायचे ते चार-सहा वर्षांनी, धाप लागते म्हणून. तोवर तापाची आठवणही राहिलेली नसे.

हा समज भारतातल्याच डॉक्टरांनी मोडला. १९३०च्या दशकात पंजाबात विग यांनी आणि मद्रासमध्ये कुटुंबय्या यांनी आपल्या रुग्णांचा अभ्यास करून दाखवले की ऱ्हुमॅटिक ताप आणि त्यामुळे होणारा हृदयविकार इथे आहे, आणि बराच आहे. १९६३ साली दिल्लीच्या अखिल भारतीय आयुर्विज्ञान संस्थेतील सुजॉय रॉय आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी आणखी गंभीर गोष्ट पुढे आणली. हृदयाच्या डाव्या बाजूला, वरच्या आणि खालच्या कप्प्यांमध्ये मायट्रल झडप असते. ऱ्हुमॅटिक तापानंतर ती आकसून अरुंद व्हायला पाश्चात्त्य देशांत वीस-वीस वर्षे लागतात असे पुस्तकात होते. भारतात मात्र वयाची विशीही न गाठलेल्या मुलांच्या झडपा अत्यंत अरुंद झालेल्या आढळल्या. मुंबईत के.ई.एम. रुग्णालयात प्रफुल्लकुमार सेन यांनी १९५०च्या दशकात आकसलेल्या झडपा शस्त्रक्रियेने मोकळ्या करण्याचे काम सुरू केले होते. त्यासाठी येणारे रुग्ण तरुणच असत.

१९७२ ते १९७५ या काळात भारतीय वैद्यकीय संशोधन परिषदेने आग्रा, अलेप्पी, मुंबई, दिल्ली आणि हैदराबाद येथे शाळकरी मुलांची पाहणी केली. हजार मुलांमागे सरासरी सुमारे पाच मुलांना ऱ्हुमॅटिक हृदयविकार आढळला. एखाद्या मोठ्या शाळेत अशी चार-पाच मुले असावीत, असा त्याचा अर्थ.

मग हवामानाचे काय? थंडीशी थेट संबंध नव्हताच. थंडीत माणसे दारे-खिडक्या लावून एकत्र बसतात, एवढाच तो संबंध. जिवाणू एका घशातून दुसऱ्या घशात जातो तो दाटीवाटीमुळे. एका खोलीत सातजण झोपत असतील, तर ती खोली लंडनची आहे की बर्डीमागच्या वस्तीतली, याने जिवाणूला फरक पडत नाही. युरोप-अमेरिकेत घरे मोठी झाली, तसा हा रोग पेनिसिलिन येण्याआधीपासूनच ओसरू लागला होता.

जोन्स यांचे निकष

या रोगाचे निदान करणारी एकही तपासणी आजतागायत नाही. घसा तपासून कळत नाही, कारण जिवाणू गेलेला असतो. ए.एस.ओ. वाढलेले असले तरी ते केवळ स्ट्रेप्टोकॉकस येऊन गेल्याचे सांगते, आणि तो तर कितीतरी मुलांना येऊन जातो. म्हणून 'ए.एस.ओ. वाढले, म्हणजे ऱ्हुमॅटिक ताप' हे निदान चूक आहे. या एका चुकीमुळे निरोगी मुलांना वर्षानुवर्षे इंजेक्शने घ्यावी लागू शकतात.

१९४४ साली बॉस्टनचे टी. डकेट जोन्स यांनी यावर तोडगा काढला. त्यांनी अशा मुलांच्या आजाराचा वर्षानुवर्षे मागोवा घेतला होता. लक्षणांची त्यांनी मुख्य आणि गौण अशी विभागणी केली. आज पाच लक्षणे मुख्य मानतात : हृदयदाह, अनेक सांध्यांना आलेली सूज, कोरिया, त्वचेखालच्या गाठी आणि त्वचेवर उमटणारी लालसर कडांची वर्तुळे. ताप, रक्तातील दाह दाखवणाऱ्या तपासण्या वगैरे गोष्टी गौण. दोन मुख्य, किंवा एक मुख्य आणि दोन गौण लक्षणे असतील, आणि आधी स्ट्रेप्टोकॉकस येऊन गेल्याचा पुरावा असेल, तर निदान करावे. कोरियाला मात्र सूट आहे. तो इतका उशिरा येतो की तोवर रक्तातला पुरावाही पुसला गेलेला असू शकतो.

न्यायालयात एका साक्षीवर निकाल देत नाहीत, तसाच हा प्रकार आहे. एकेका लक्षणाचे वजन थोडे, पण ती एकत्र आली की खात्री वाढते. विज्ञानात हमखास एकच कसोटी नसते तेव्हा कसा विचार करावा, याचे हे उत्तम उदाहरण आहे. आठवी-नववीच्या मुलांना ते सहज समजावून देता येईल.

या निकषांचा इतिहासही बोलका आहे. १९४४च्या यादीत नुसती सांधेदुखी मुख्य लक्षण होती. त्यामुळे नसलेला रोग आहे असे ठरू लागले, म्हणून १९५०च्या दशकात सांधेदुखी गौण झाली आणि सूज मुख्य. अमेरिकेत रोग दुर्मीळ होत गेला तसे निकष अधिक कडक झाले. पण तेच कडक निकष आपल्यासारख्या देशांत लावले की खरोखर आजारी असलेली मुले निसटत. अखेर २०१५ साली अमेरिकन हार्ट असोसिएशनने दोन मापे मान्य केली. जिथे रोग क्वचित आहे तिथे निकष कडक. जिथे तो सर्रास आढळतो तिथे एकाच सांध्याची सूज किंवा अनेक सांध्यांचे नुसते दुखणेही मुख्य लक्षण धरता येते. म्हणजे कुठल्याही लक्षणाचे वजन ते मूल कुठल्या गावचे, कुठल्या वस्तीतले, यावरही अवलंबून असते.

त्याच वर्षी आणखी एक बदल झाला. ध्वनिलहरींनी हृदयाचे चित्र दाखवणारी इकोकार्डिओग्राफी प्रत्येक संशयित रुग्णाची करावी, असे ठरले. कानाला न ऐकू येणारी झडपेची गळती त्यात दिसते. कंबोडिया आणि मोझांबिकमधील शाळकरी मुलांची अशी तपासणी झाली तेव्हा स्टेथोस्कोपने सापडली त्याच्या सुमारे दहापट मुले सापडली होती. ते निष्कर्ष २००७ साली प्रसिद्ध झाले. लेनेक यांच्या नळीने जे काम सुरू केले, ते या यंत्राने पुढे नेले.

एकवीस दिवसांचे इंजेक्शन

या रोगाविरुद्धचे शस्त्र साधे आहे. अमेरिकेतील एका लष्करी तळावर घसादुखीच्या सुमारे ८०० जवानांना पेनिसिलिन दिले आणि तेवढ्याच जवानांना दिले नाही. न दिलेल्यांपैकी १७ जणांना ऱ्हुमॅटिक ताप आला, दिलेल्यांपैकी दोघांनाच. हे १९५० साली प्रसिद्ध झाले. घसा दुखू लागल्यापासून नऊ दिवसांच्या आत पेनिसिलिन दिले तरी ताप टळतो, हेही पुढे कळले.

एकदा ताप येऊन गेलेल्या मुलाला तो पुन्हा येण्याचा धोका मोठा असतो, आणि प्रत्येक खेपेला झडप अधिक बिघडते. म्हणून त्याला दर तीन आठवड्यांनी बेंझाथिन पेनिसिलिनचे इंजेक्शन देतात. ते किमान पाच वर्षे, आणि हृदयाला इजा असेल तर कितीतरी अधिक काळ चालते. इंजेक्शन दुखते. मूल बरे दिसते. गाव लांब असते, मजुरी बुडते. मग एक तारीख चुकते, पुढे सगळ्याच चुकतात. त्याच मुलीचे पुढे लग्न होते, आणि बाळंतपणात हृदयावरचा भार वाढून धाप लागते तेव्हा झडप अरुंद असल्याचे पहिल्यांदा कळते. असे आजही घडते. २०१५ साली जगात सुमारे ३ कोटी ३० लाख लोकांना ऱ्हुमॅटिक हृदयविकार होता आणि त्याने वर्षभरात तीन लाखांहून अधिक मृत्यू झाले, असा अंदाज आहे. त्यांत भारताचा वाटा सर्वांत मोठा होता. जागतिक आरोग्य सभेने २०१८ साली या रोगाविरुद्ध ठराव केला.

शिक्षक काय करू शकतात? निदान करणे हे आपले काम नव्हे. पण चीडल यांनी दाखवलेले ते विखुरलेले तुकडे एकाच माणसाच्या नजरेसमोरून जातात, आणि तो माणूस म्हणजे वर्गशिक्षक. जुलैत घसा दुखतो म्हणून गैरहजर, ऑगस्टमध्ये लंगडत आलेली, कवायतीत धाप लागणारी, डिसेंबरात अक्षर बिघडलेली मुलगी एकच आहे, हे हजेरीपटावरून आणि वहीवरून दिसू शकते. कोरियात मूल विनाकारण रडते, चिडते. झोपेत हालचाली थांबतात आणि कुणी रागावले की वाढतात. तेव्हा नीट लिहिणाऱ्या मुलाचे अक्षर अचानक बिघडले, तर शिक्षेआधी पालकांना बोलवावे आणि डॉक्टरांकडे पाठवावे.

त्या बाईंच्या विद्यार्थिनीचे हातपाय काही महिन्यांत स्थिरावले. झडपेची गळती थोडी आहे, इंजेक्शने चालू आहेत. बाईंनी निघताना हजेरीपटाचे शेवटचे पान उघडून दाखवले. तिथे पेन्सिलीने तारखा लिहिल्या होत्या, एकवीस-एकवीस दिवसांच्या अंतराने. आदल्या दिवशी त्या मुलीला आठवण करतात, आणि दुसऱ्या दिवशी ती उशिरा आली तरी गैरहजेरी मांडत नाहीत.